ऱ्हीससच्या अस्थी

इ. स. पूर्व 437 मध्ये अथेन्सचा सेनानी हॅग्नॉन उत्तरेला स्ट्रायमॉन नदीच्या काठी शहर वसवायला निघाला, तेव्हा त्याच्यापुढे एक देववाणी होती. ट्रॉयच्या भूमीतून थ्रेशियन राजा ऱ्हीससचं शरीर आणून इथल्या मातीत श्रद्धेनं पुरल्याशिवाय ही जागा तुम्हाला लाभायची नाही, असा तिचा आशय. हॅग्नॉननं ट्रॉयला माणसं धाडली. त्यांनी रात्रीच्या वेळी समाधीचं टेकाड उकरलं, हाती आलेल्या अस्थी जांभळ्या वस्त्रात बांधल्या आणि नदीपर्यंत आणल्या. नदी ओलांडायची तर थ्रेशियन लोक आडवे उभे होते. हॅग्नॉननं त्यांच्याशी तीन दिवसांचा तह केला. ते पांगले. मग अंधारात नदी पार करून त्यानं अस्थी काठाशी पुरल्या आणि तीन रात्रींत, चांदण्याच्या उजेडात, खंदक खणून जागा मजबूत केली. दिवसा कोणी कुदळीला हात लावला नाही. थ्रेशियन जाब विचारायला आले, तेव्हा त्यानं सांगितलं की शपथ तीन दिवस स्वस्थ राहण्याची होती, रात्रींची नव्हती. असं उभं राहिलं अँफिपोलिस.

ही हकिकत पॉलिएनस या लेखकानं लिहून ठेवली, पण घटनेनंतर सुमारे सहाशे वर्षांनी. थुसिडिडीज हा घटनेच्याच काळातला इतिहासकार. त्या मुलखातल्या सोन्याच्या खाणींवर त्याचे हक्क होते आणि तिथली माणसं त्याच्या ओळखीची होती. शहराची स्थापना तो नीट सांगतो, अस्थींचा उल्लेखही करत नाही. तेव्हा हॅग्नॉननं खरोखर ट्रॉयची माती उकरली का, हे पॉलिएनसच्या शब्दावर सोडावं लागतं. पण दंतकथा म्हणून धरली, तरी ज्यानं ती रचली त्याला ऱ्हीसस फार चांगला कळला होता. हा राजा रात्री मारला गेला. त्याला उकरलं रात्री, पुरलं रात्री, आणि त्याच्या नावानं त्याच्याच लोकांना फसवलं तेही रात्रीच.

त्याची मूळ रात्र आहे इलियडच्या दहाव्या सर्गात. अकिलीस रुसून बसला आहे, त्याची मनधरणी फसली आहे, आणि ट्रोजन सैन्य तट सोडून उघड्या मैदानात शेकोट्या पेटवून बसलं आहे. ग्रीक सरदारांना झोप नाही. डायोमिडीज आणि ओडिसिअस हेरगिरीला निघतात. समोरून ट्रोजनांचा हेर डोलॉन येत असतो. पाच बहिणींतला एकटा भाऊ, दिसायला कुरूप, पायानं चपळ, अंगावर लांडग्याचं कातडं. पकडल्यावर त्याचे दात वाजू लागतात आणि तो न विचारलेलंही सांगून टाकतो. छावणीच्या अगदी कडेला थ्रेशियन आजच येऊन उतरले आहेत. त्यांचा राजा इयोनियसचा मुलगा ऱ्हीसस. त्याचे घोडे बर्फाहून पांढरे आणि वाऱ्यासारखे धावणारे. रथ सोन्याचांदीनं मढवलेला. चिलखत सोन्याचं, माणसापेक्षा देवाच्या अंगावर शोभावं असं. एवढं सांगूनही डोलॉनचं डोकं उडवलं जातं.

पुढचं काम फार थोड्या ओळींत उरकतं. थ्रेशियन दिवसभराच्या वाटचालीनं थकून गाढ झोपलेले. डायोमिडीज बारा जणांना कापतो. मागून ओडिसिअस एकेक प्रेत पायाला धरून बाजूला ओढतो, कारण घोडे नवे आहेत, मेलेल्या माणसांवरून चालण्याची त्यांना सवय नाही, ते बुजायला नकोत. तेरावा ऱ्हीसस. त्या क्षणी तो जोरजोरानं श्वास घेत असतो. त्याच्या उशाशी एक वाईट स्वप्न उभं असतं आणि त्या स्वप्नाचं नाव डायोमिडीज. रथातला चाबूक घ्यायचा राहून गेल्यामुळे ओडिसिअस धनुष्यानंच घोडे हाकतो. थोड्या वेळानं ऱ्हीससचा नातलग हिप्पोकून जागा होतो, घोड्यांची रिकामी जागा आणि तडफडणारी माणसं पाहतो आणि मित्राच्या नावानं हंबरडा फोडतो. तोवर इकडे ग्रीक छावणीत नेस्टर त्या घोड्यांकडे डोळे भरून पाहत असतो. दोघे वीर समुद्रात अंग धुतात, मग टबात न्हातात, तेल लावतात, जेवायला बसतात.

या सगळ्यात ऱ्हीसस एक शब्द बोलत नाही. डोळे उघडत नाही. दुसऱ्या सर्गात ट्रॉयच्या मित्रराजांची मोठी यादी आहे, तिथे थ्रेशियनांचे नायक म्हणून दुसरीच नावं येतात. दहावा सर्ग संपल्यावर त्याचं नाव पुन्हा निघत नाही. एवढ्या कौतुकानं आणलेले घोडेही डायोमिडीजच्या दावणीला बांधले जातात आणि काव्यातून नाहीसे होतात. तेविसाव्या सर्गात रथांची शर्यत लागते तेव्हा डायोमिडीज जुंपतो ते एनियसकडून हिसकावलेले घोडे. हा सर्ग मूळ काव्यात नसावा, हा संशय म्हणूनच फार जुना आहे. होमरनं तो वेगळा रचला आणि अथेन्सच्या पिसिस्ट्रेटसनं इलियडमध्ये घातला, अशी नोंद प्राचीन टीकाकारांनीच करून ठेवली आहे. आजचे अभ्यासक अजून यावर भांडतात. सर्ग कोणाचाही असो, प्रेतं ओढण्याचा तो तपशील लिहिणाऱ्या कवीनं युद्ध जवळून पाहिलेलं होतं, याविषयी माझ्या मनात शंका नाही.

मराठी वाचकाला इथे सौप्तिकपर्व आठवल्याशिवाय राहणार नाही. अश्वत्थामा झोपलेल्या पांचालांच्या शिबिरात शिरतो, धृष्टद्युम्नाला शस्त्रही हाती घेऊ न देता मारतो, द्रौपदीचे पाचही मुलगे कापतो. प्रसंग एकाच जातीचा, पण दोन कवींची नजर किती वेगळी! व्यासांच्या कथेत कत्तलीआधीच कृपाचार्य भाच्याला परोपरीनं थांबवू पाहतात, आणि कत्तलीनंतर अश्वत्थाम्याच्या कपाळावरचा मणी काढून घेतला जातो आणि शापाची जखम घेऊन भटकणं त्याच्या नशिबी येतं. इलियडमध्ये कोणी अडवत नाही, शाप नाही, निवाडा नाही. आहे ते स्नान आणि भोजन. निवाडा करण्याचं काम या कवीनं मागून येणाऱ्यांवर सोडलं, आणि त्यांनी ते हजार वर्षं केलं. ऱ्हीससची पुढची सगळी कथा ही या एका रात्रीची भरपाई आहे, असं मला वाटतं. प्रत्येकानं त्या झोपलेल्या माणसाला काही ना काही देऊ केलं.

पहिली भेट होती एका दिवसाची. इलियडच्या जुन्या टीपांमध्ये कवी पिंडारच्या नावावर एक वेगळी कथा आहे. तिच्यात ऱ्हीसस ट्रॉयला पोचून एक पूर्ण दिवस लढतो आणि ग्रीकांची अशी दाणादाण उडवतो की हेरा देवीला धडकी भरते, आणि तिच्या सांगण्यावरून अथीना डायोमिडीज आणि ओडिसिअसला रात्री पाठवते. दुसऱ्या एका कथेत भाकीत आहे. ऱ्हीससच्या घोड्यांनी ट्रॉयचं गवत खाल्लं आणि स्कॅमँडर नदीचं पाणी प्यायलं, तर त्याला कोणी हरवू शकणार नाही. या दोन्ही कथांनी एक मोठी गोष्ट साधली. नुसत्या घोड्यांच्या लोभापायी झालेला खून आता युद्धाचं पारडं फिरवणारी घटना झाला, आणि झोपलेला माणूस भीती वाटावी एवढा मोठा झाला. कारागिरांनाही हा विषय खुणावत होता. अमेरिकेतल्या गेटी संग्रहालयात इ. स. पूर्व 540 च्या सुमाराची, दक्षिण इटलीत घडवलेली एक रांजणी आहे. तिच्यावर डायोमिडीज झोपलेल्या ऱ्हीससच्या गळ्यावर शस्त्र चालवताना दिसतो.

सगळ्यांत मोठं देणं मात्र एका नाटककाराचं. ‘ऱ्हीसस’ ही शोकांतिका युरिपिडीजच्या नाटकांबरोबर आपल्यापर्यंत आली. ती त्याची नसावी अशी कुजबुज प्राचीन काळातही होती, आणि आज बरेच अभ्यासक ती इ. स. पूर्व चौथ्या शतकातल्या कोणा अनामिकाची मानतात. आज संपूर्ण हाती असलेल्या ग्रीक शोकांतिकांपैकी इलियडमधला प्रसंग थेट उचलणारी ही एकटीच. अख्खं नाटक रात्री घडतं, आणि कोरस आहे ट्रोजन पहारेकऱ्यांचा. विचार करा, हे नाटक अथेन्समध्ये भर दिवसा, उघड्या आकाशाखाली बसून पाहायचं. अंधार नटांनी नुसत्या बोलण्यातून उभा करायचा. कोण कुठला, सांकेतिक शब्द काय, पाऊल कोणाचं वाजलं, असं सगळं नाटक चाचपडत पुढे सरकतं.

इथे ऱ्हीसस पहिल्यांदा बोलतो. आधी इडा डोंगरावरचा एक मेंढपाळ धावत येऊन त्याच्या येण्याचं वर्णन करतो. शुभ्र घोडे, सोन्याचं जू, घंटांचा नाद. ट्रोजनांचा सेनापती हेक्टर याला त्याचं कौतुक नाही. दहा वर्षं आम्ही मरत होतो तेव्हा कुठे होतास, असं तो तोंडावर विचारतो. ऱ्हीसस सांगतो की मी निघालोच होतो, तेवढ्यात सिथियन लोक माझ्या राज्यावर चालून आले. आणि पुढे म्हणतो, तुम्हाला दहा वर्षं जमलं नाही ते मी एका दिवसात करून दाखवीन. बढाईखोर आहे, असं वाचताना मनात येतं. पण थोड्याच वेळात अथीना स्वतः ओडिसिअसला सांगते की हा आजची रात्र जगला, तर अकिलीस किंवा एजॅक्सही त्याला अडवू शकणार नाही. म्हणजे त्याची बढाई अक्षरशः खरी होती. तरुण, सोन्यानं मढलेला, उशिरा आलेला, आपल्या ताकदीबद्दल खरं तेच बोलणारा हा माणूस आत जाऊन झोपतो, आणि पुन्हा दिसतो तो प्रेत होऊन.

ते प्रेत घेऊन येते त्याची आई. ती कलादेवतांपैकी एक आहे. तिचं नाव नाटक देत नाही. पुढच्या लेखकांनी कोणी क्लिओ म्हटलं, कोणी युटर्पी, कोणी कॅलिओपी. मृत मुलाला हातांवर घेऊन ती छावणीच्या वर प्रकटते आणि त्याच्या जन्माची कथा सांगते. पँगायॉन पर्वतावर थॅमिरिस या गायकाशी कलादेवतांची स्पर्धा होती. तिकडे जाताना ती स्ट्रायमॉन नदी ओलांडत होती, आणि त्या नदीपासूनच तिला दिवस गेले. बहिणींची लाज वाटून तिनं बाळ पाण्यात, त्याच्या बापाच्या स्वाधीन केलं. नदीनं ते जलकन्यांकडे वाढवायला दिलं. नवजात मुलाला प्रवाहात सोडणारी आई आपल्याला कुंतीमुळे ठाऊक आहे, पण कुंती मुलगा मरेपर्यंत जगासमोर बोलली नाही. ही आईही उशिराच बोलते, आणि मग मात्र काही राखून ठेवत नाही. ट्रॉयला जाऊ नकोस असं मी त्याला बजावलं होतं, तिथे तुझं मरण आहे हे मला माहीत होतं, असं ती म्हणते. ओडिसिअस आणि डायोमिडीजला ती आधी शाप देते, पण शेवटी दोष त्यांना देत नाही. दोष देते अथीनाला. तुझ्या शहराला आम्ही कलादेवतांनी काय कमी दिलं? गूढविधी शिकवणारा ऑर्फियस या माझ्या मुलाचाच भाऊबंद. त्याचं हे फळ? अथेन्सच्या प्रेक्षकांसमोर, अथेन्सच्या कुलदेवतेवर हा आरोप. ज्यानं कोणी हे लिहिलं, त्याच्या धैर्यापुढे मी नतमस्तक आहे.

हेक्टर समाधी बांधायचं म्हणतो. ती नाकारते. माझा मुलगा काळ्या मातीखाली जाणार नाही. पर्सेफोनीकडून मी त्याचा प्राण मागून घेईन, आणि चांदीच्या शिरा असलेल्या त्या डोंगराच्या गुहेत तो देवमाणूस होऊन राहील. मला मात्र तो मेल्यातच जमा, आमची पुन्हा भेट नाही. आणि जाता जाता म्हणते की थेटिसचाही मुलगा अकिलीस मरायचा आहे, अथीना त्यालाही वाचवणार नाही, आणि तेव्हा त्याच्यासाठी शोकगीत आम्हीच गाणार आहोत. शत्रूच्या आईचं दुःख स्वतःच्या दुःखाच्या भरात आठवणं! इलियडच्या शेवटी प्रायम आणि अकिलीस एकत्र रडतात, त्याच्या तोडीची ही जागा आहे. नाटकाला दुय्यम म्हणणाऱ्यांनी ती परत वाचावी.

चांदीच्या शिरांचा हा डोंगर म्हणजे पुन्हा अँफिपोलिसचाच मुलूख. पँगायॉनच्या खाणी, जहाजांना लागणारं लाकूड आणि स्ट्रायमॉनवरचा नाका, यांसाठी अथेन्सचा जीव तिथे अडकला होता. हॅग्नॉनच्या आधी अठ्ठावीस-एकोणतीस वर्षं त्यांनी दहा हजार वसाहतकरी पाठवले होते, तेव्हा त्या जागेचं नाव होतं ‘नऊ वाटा’. आत शिरलेल्या त्या लोकांना थ्रेशियनांनी ड्रॅबेस्कसला मारून काढलं. एवढ्या रक्तानंतर परत जायचं तर तिथल्या मातीचा कोणीतरी पूर्वज आपल्या बाजूला हवा. वीरांच्या अस्थी आणून मातीवर हक्क सांगणं ग्रीकांना नवीन नव्हतं. स्पार्टानं टेगियाहून ओरेस्टिसच्या अस्थी आणल्या होत्या, अथेन्सच्या किमॉननं स्कायरॉस बेटावरून थिसियसच्या. ऱ्हीससची गोष्ट वेगळी यासाठी की तो आणणाऱ्यांचा पूर्वज नव्हता. ज्यांची जमीन घ्यायची त्यांचा होता. ग्रीक वीरांनी मारलेल्या राजाला ग्रीकांनीच मानानं परत आणलं आणि त्याच्या आडोशानं त्याचा देश घेतला. अँफिपोलिसला त्याच्या स्मारकासमोर क्लिओचं देऊळ होतं, अशी जुनी नोंद आहे. म्हणजे मायलेकरांची भेट शहरानं घडवून दिली, नाटकातल्या आईला ती अशक्य वाटत होती तरी.

अस्थींनी शहर राखलं नाही. इ. स. पूर्व 424 च्या हिवाळ्यात स्पार्टाच्या ब्रासिडसनं अँफिपोलिस घेतलं. त्याला अडवायला जहाजं घेऊन निघालेला थुसिडिडीज वेळेत पोचला नाही, नदीच्या मुखावरचं इयॉन बंदर तेवढं वाचवू शकला. त्यापायी त्याला वीस वर्षं अथेन्सबाहेर काढावी लागली. त्याचा इतिहास त्या हद्दपारीत पिकला. दोन वर्षांनी ब्रासिडस तिथेच लढताना पडला. गावकऱ्यांनी हॅग्नॉनची स्मारकं पाडली आणि ब्रासिडसला संस्थापकाचा मान देऊन वर्षाची जत्रा लावली. शहरानं आपला मृत बदलून घेतला.

पुढे इ. स. पूर्व पहिल्या शतकात पार्थेनिअसनं ऱ्हीससला एक बायको दिली. हा बिथिनियाचा कवी रोमनांच्या हाती कैदी म्हणून लागला आणि इटलीत जाऊन व्हर्जिलचा ग्रीक शिक्षक झाला, असं सांगतात. त्याच्या छोट्या प्रेमकथांच्या पुस्तकातली शेवटची कथा आहे आर्गँथोनीची. ती किऑसजवळच्या रानात कुत्री घेऊन एकटी शिकार करणारी, माणसांना टाळणारी. ऱ्हीसस तिला म्हणतो, मलाही माणसं नकोशी वाटतात, मला बरोबर शिकारीला ने. ट्रॉयहून बोलावणं येतं तेव्हा ती अडवते, तो थांबत नाही. तो मेल्याचं कळल्यावर ती त्यांच्या पहिल्या भेटीच्या जागी जाते आणि अन्नपाणी सोडून त्याच्या नावानं हाका मारत मरते. या कथेत झोप नाही, रात्र नाही. तो नदीकाठी लढताना पडतो. कवीनं त्याला एवढी मेहेर दाखवली. त्याच्या शिष्यानं मात्र जुनीच जखम उघडली. एनिडच्या पहिल्या सर्गात कार्थेजच्या देवळातली चित्रं पाहताना एनियसला ऱ्हीससचे पांढरे तंबू दिसतात आणि त्याला रडू येतं.

मग इसवी सनाच्या तिसऱ्या शतकात फिलोस्ट्रेटस लिहितो की ऱ्हीसस ऱ्होडोपी पर्वतात राहतो. घोडे पाळतो, शस्त्र धरतो, शिकार करतो. त्याच्या वेदीपाशी रानडुकरं आणि हरणं दोन-दोन, तीन-तीन अशी आपण होऊन येतात, कोणी न बांधता सुरीखाली मान देतात. डोंगराच्या हद्दीत तो साथ येऊ देत नाही, म्हणून त्याच्या स्थानाभोवती गावं दाट वसली आहेत. काव्यातला मुका राजा इथे क्षेत्रपाल झाला आहे. पुन्हा अश्वत्थामा आठवतो. नंदुरबारकडे सातपुड्यात अस्तंब्याच्या डोंगरावर दिवाळीच्या दिवसांत आदिवासी बांधवांची यात्रा भरते, ती त्याच्या नावानं. आपल्याकडे डोंगर मिळाला तो झोपलेल्यांना मारणाऱ्याला, थ्रेसमध्ये मिळाला तो झोपेत मेलेल्याला. दोन्हीकडे लोकांनी त्या रात्रीतला एक माणूस जिवंत ठेवला, आणि कोणता ठेवायचा हे ज्याचं त्यानं ठरवलं.

त्यानंतरचा प्रवास नुसत्या नावाचा आहे आणि थोडक्यात सांगण्याजोगा. अठराव्या शतकाच्या शेवटी जाँ-बाप्तिस्त ओदबेर या फ्रेंच चित्रकार-निसर्गअभ्यासकानं माकडांवर सुंदर चित्रांचा ग्रंथ काढला. त्यातल्या एका माकडाला त्यानं ऱ्हीसस हे नाव दिलं, आणि या नावात काही अर्थ शोधू नका असंही सांगितलं. उत्तर भारतातलं, महाराष्ट्राच्या वरच्या अंगाला दिसणारं हे लाल तोंडाचं माकड. शास्त्रीय नावात त्याच्या आधी ‘मुलाटा’ ठरून गेलं होतं, पण लोकांच्या तोंडी ओदबेरचंच राहिलं. 1940 मध्ये कार्ल लँडस्टायनर आणि अलेक्झांडर वीनर यांनी या माकडाच्या रक्तपेशी सशांना टोचून मिळवलेला रक्तद्रव माणसांच्या रक्तावर तपासला. सुमारे 85 टक्के रक्तांत गुठळ्या झाल्या. ज्या घटकामुळे त्या झाल्या त्याला त्यांनी माकडाच्या नावाची पहिली दोन अक्षरं दिली, आरएच. पुढे कळलं की माकडाच्या रक्तातून सापडलेला घटक आणि माणसाच्या रक्तसंक्रमणात महत्त्वाचा ठरणारा घटक निराळे आहेत. माकडाच्या घटकाला दोन्ही शास्त्रज्ञांच्या आद्याक्षरांवरून एलडब्ल्यू म्हणू लागले, माणसाच्या घटकाला डी. आरएच हे नाव तोवर जगभरच्या दवाखान्यांत रुजलं होतं. ते कोणी काढलं नाही.

या शोधाच्या आधी एक वर्ष, 1939 मध्ये, फिलिप लेव्हिन आणि रूफस स्टेटसन यांनी न्यूयॉर्कमधल्या एका स्त्रीची नोंद छापली होती. तिचं बाळ पोटातच दगावलं होतं, आणि नंतर नवऱ्याचं रक्त चढवल्यावर तिच्या शरीरानं त्याच्यावरही हल्ला केला. बाळाच्या रक्ताविरुद्ध आईचंच रक्त उठतं, हे तेव्हा उमगू लागलं. त्यावरचं अँटी-डी इंजेक्शन 1968 पासून वापरात आलं. आता डी घटक नसलेल्या, म्हणजे आरएच निगेटिव्ह रक्तगटाच्या आईला ते गरोदरपणाच्या अठ्ठाविसाव्या आठवड्याच्या सुमारास, आणि बाळ पॉझिटिव्ह असल्यास बाळंतपणानंतर 72 तासांच्या आत देतात. त्याच्या आधी अशा घरांत पहिलं मूल बहुधा सुखरूप यायचं, आणि पुढची कधी कधी एकामागून एक जायची.